‘अ‍ॅली कॅट’वाला माणूस नक्की कोण? वाचकांचे प्रश्न, आमची उत्तरं

मागच्या अंकात युरोपातल्या सिनेसंगीतावर लिहिताना डेन्मार्कच्या बेंट फाब्रिसियस-ब्येरे या संगीतकाराचा दोन ओळींत उल्लेख केला होता. त्यावर एवढी पत्रं आणि मेसेज येतील असं वाटलं नव्हतं. म्हणून या वेळचं सदर त्यांच्यावरच. प्रश्न थोडे कापलेत, एकसारखे होते ते एकत्र केलेत.

माझी मुलगी पियानोच्या क्लासला जाते. तिच्या पुस्तकात ‘अ‍ॅली कॅट’ नावाचा पीस आहे आणि वर संगीतकार म्हणून फ्रँक ब्योर्न असं छापलंय. नेटवर ऐकायला गेलं की बेंट फॅब्रिक असं येतं. तुम्ही तर तिसरंच नाव लिहिलंत. नक्की कोणाची धून आहे ही? – एक वाचक, नाशिक

तिन्ही नावं एकाच माणसाची आहेत, त्यामुळे पुस्तकही बरोबर आणि नेटही बरोबर. खरं नाव बेंट फाब्रिसियस-ब्येरे. जन्म ७ डिसेंबर १९२४, कोपनहेगनला खेटून असलेल्या फ्रेडरिक्सबर्गमधला. ‘अ‍ॅली कॅट’ लिहिताना संगीतकार म्हणून त्यांनी फ्रँक ब्योर्न हे टोपणनाव लावलं. पियानोवर वाजवलीही त्यांनीच, आणि रेकॉर्ड बाहेरच्या देशांत गेली तेव्हा वाजवणाऱ्याचं नाव आटोपशीर करून बेंट फॅब्रिक असं छापलं. म्हणजे एकाच तबकडीवर संगीतकार वेगळा आणि वादक वेगळा दिसतो पण माणूस एकच. आपल्याकडे हे नवीन नाहीच, लतादीदींनी ‘आनंदघन’ या नावानं भालजी पेंढारकरांच्या सिनेमांना संगीत दिलं, ‘मराठा तितुका मेळवावा’, ‘साधी माणसं’, ‘तांबडी माती’, आणि ती गाणी अजून घराघरात आहेत पण आनंदघन म्हणजे दीदी हे आजही कित्येकांना सांगावं लागतं.

आता धून कुठून आली ते. डॅनिश टीव्हीवर साठच्या दशकाच्या सुरुवातीला एक कार्यक्रम लागायचा, त्याच्या नावाचा अर्थ ‘पियानोभोवती’ असा. फाब्रिसियस-ब्येरे त्याचे होस्ट होते, स्वतः पियानोवर बसायचे. त्या कार्यक्रमाची टायटल धून म्हणून हे लिहिलं होतं, आणि डेन्मार्कमध्ये धुनेचं नावही तेच, ‘पियानोभोवती’. नावातलं मांजर (‘अ‍ॅली कॅट’ म्हणजे गल्लीतलं मांजर) नंतर आलं, परदेशी रेकॉर्डवर. १९६२ मध्ये अमेरिकेत अटलांटिक कंपनीच्या अ‍ॅटको लेबलवर ही रेकॉर्ड निघाली आणि तिथल्या गाजणाऱ्या गाण्यांच्या बिलबोर्ड हॉट हंड्रेड यादीत सातव्या नंबरपर्यंत गेली, ईझी लिसनिंगच्या, म्हणजे निवांत ऐकायच्या संगीताच्या यादीत दुसऱ्या. शब्द नाहीत, गायक नाही, वाजवणारा अमेरिकेत कोणाला ठाऊक नसलेला डॅनिश माणूस, आणि तरी दहा लाखांच्या वर खप. पुढे त्यावर तिकडे एक सोपा ग्रुप डान्सही बसला, लग्नात पार्ट्यांत सगळे ओळीत उभे राहून करतात तसला.

मुलीला वाजवताना एक गोष्ट नक्की जाणवेल. डावा हात अगदी शहाण्या मुलासारखा बास-कॉर्ड, बास-कॉर्ड (एक खालचा सूर, मग दोनतीन सूर एकदम) चालत राहतो आणि सगळी खोडी उजव्या हातात आहे. तो उजवा हात जरा मागे रेलून, आळसावल्यासारखा वाजवायला हवा. बरीच मुलं (आणि काही शिक्षकही) ही धून फार टापटीप, मेट्रोनोम (ठोके मोजणारं यंत्र) लावल्यासारखी वाजवतात आणि मग ती एकदम मरते. मूळ रेकॉर्डिंग ऐकवा तिला, चारपाच वेळा नुसतं ऐकू द्या, मग पुस्तक उघडा.

याच धुनेला रॉक अँड रोलचं ग्रॅमी मिळालं असं वाचलं, ही नेटवरची थाप आहे ना? – एक वाचक, डोंबिवली

थाप नाही, खरंय. १९६३ च्या ग्रॅमीत ‘बेस्ट रॉक अँड रोल रेकॉर्डिंग’ हा पुरस्कार ‘अ‍ॅली कॅट’लाच मिळाला. ऐकल्यावर त्यात रॉक अँड रोल कुठे आहे हा प्रश्न पडणारच, मलाही पडतो, ते सरळसरळ हॉटेलच्या लाउंजमध्ये शोभेल असं पियानो म्युझिक आहे. पण त्या काळात ग्रॅमी देणाऱ्या मंडळींना रॉक अँड रोल फारसं आवडायचंही नाही आणि उमजायचंही नाही, कॅटेगरी नवीन होती, आणि पॉप चार्टवर चालतंय म्हणजे ते यातच टाका असा एकंदर कारभार होता. त्यात फाब्रिसियस-ब्येरेंची काहीच चूक नाही. उलट या पुरस्कारानं त्यांचं एक नुकसानच केलं असं माझं मत आहे, कारण तेव्हापासून इंग्रजी याद्यांमध्ये ते ‘चुकीच्या कॅटेगरीत ग्रॅमी मिळालेला डॅनिश’ एवढेच उरले. पुढच्या प्रश्नात तेच आलंय बघा.

राग मानू नका पण एका हिट धुनेच्या माणसावर अंकातली पानं खर्च करण्यात काय अर्थ? त्यानंतर त्याचं कुठलंच काही गाजलं नाही. – एक वाचक, ठाणे

राग कशाला, प्रश्न रास्त आहे आणि मला तर हाच प्रश्न हवा होता. अमेरिकेच्या चार्टवरून बघितलं तर तुमचं जवळपास बरोबर आहे. पुढच्या वर्षी ‘चिकन फीड’ नावाची आणखी एक धून आली, ती ६३ नंबरपर्यंत पोचली आणि तिथे विषय संपला. पण डेन्मार्कमध्ये कोणालाही विचारा हा माणूस कोण, तर दहातले नऊ जण मांजराचं नाव घेणार नाहीत, ते सांगतील ‘ओल्सन गँग’ आणि ‘मताडोर’. एक सिनेमांची मालिका, एक टीव्हीची. त्यांचं खरं आयुष्यभराचं काम हे आहे, आणि ते डॅनिश भाषेत, डॅनिश प्रेक्षकांसाठी झालं म्हणून आपल्यापर्यंत पोचलं नाही. साठ लाखांच्या आतबाहेर लोकसंख्येचा देश, मुंबई उपनगरात त्याहून जास्त माणसं राहतात. तिथला संगीतकार त्याच्या देशात घराघरात असला तरी जगाच्या यादीत ‘अल्पपरिचित’च राहतो.

थोडं मागून सांगतो म्हणजे नीट कळेल. एप्रिल १९४० मध्ये जर्मनीनं डेन्मार्क ताब्यात घेतला तेव्हा हे पोरगं पंधरा वर्षांचं. गंमत अशी की ती पाच वर्षं डॅनिश जाझच्या बहराची वर्षं मानली जातात, बाहेरून अमेरिकन रेकॉर्ड आणि बँड येणं बंद झालं आणि लोक आपल्याच वादकांना ऐकायला गर्दी करायला लागले, स्वेन्ड आस्मुसेनसारखे व्हायोलिनवाले त्या काळात मोठे झाले. त्या हवेत बेंट पियानो वाजवायला लागले, युद्धानंतर स्वतःचा जाझ ग्रुप चालवला. १९५० मध्ये मेट्रोनोम रेकॉर्ड्स या कंपनीचा डेन्मार्कमधला कारभार हातात घेतला आणि मग कित्येक वर्षं दुसऱ्यांच्या रेकॉर्ड काढणं हा त्यांचा रोजचा धंदा होता. हे महत्त्वाचं आहे. जो माणूस दिवसभर ऑफिसात बसून ‘लोकांना काय लक्षात राहतं, काय पहिल्या दहा सेकंदांत पकडतं’ याचाच हिशोब करतो तो संध्याकाळी सिनेमासाठी धून लिहायला बसला की त्याचा हात आपोआप आखूड लिहितो. त्यांच्या सिनेमातल्या धुना बघा, कुठेही फापटपसारा नाही, दोन ओळींत काम खल्लास.

सिनेमात ते पन्नासच्या दशकापासूनच काम करत होते. १९६० चा ‘फोरएल्स्केट इ क्योबेनहाउन’, म्हणजे ‘कोपनहेगनमध्ये प्रेमात’, त्याचं टायटल गाणं आजही तिकडे सदाबहार गाण्यांत धरतात. पण खरी जोडी जमली ती दिग्दर्शक एरिक बालिंगबरोबर. बालिंग हा नॉर्डिस्क फिल्मचा माणूस, ही १९०६ साली सुरू झालेली कंपनी, जगातल्या अजून चालू असलेल्या सर्वात जुन्या सिनेमा कंपन्यांपैकी. १९६५ मध्ये बालिंगनं जेम्स बाँडची टर उडवणारा ‘स्लो फर्स्ट, फ्रेडे!’, म्हणजे ‘आधी तू मार, फ्रेडे!’, काढला, त्यालाही संगीत यांचंच, आणि त्याच टीममधून तीन वर्षांनी ओल्सन गँग जन्माला आली.

ही ओल्सन गँग काय भानगड आहे? आणि एका चोरांच्या कॉमेडीला संगीत देण्यात एवढं काय मोठं? – एक वाचक, सांगली

तीन चोर. एगॉन ओल्सन हा म्होरक्या, डोक्यावर गोल हॅट, तोंडात सिगारचं थोटूक, स्वतःला महान प्लॅनर समजणारा. बेनी, उंच, हसरा, आखूड पँट आणि पिवळे मोजे. क्येल, जाडा, भित्रा, बायकोला टरकणारा. ती बायको इव्होन म्हणजे एक वेगळंच प्रकरण. ओवे स्प्रोगो, मॉर्टेन ग्रुनवाल्ड, पोल बुन्गोर आणि कर्स्टन वाल्टर हे चार नट. १९६८ ते १९८१ मध्ये तेरा सिनेमे आले, लेखन बालिंग आणि हेनिंग बास या दोघांचं. गोष्टीचा साचा जवळपास तोच. एगॉन तुरुंगातून सुटतो, बाहेर बेनी आणि क्येल वाट बघत उभे, घरी जाऊन बिअर उघडायची, मग एगॉन सांगणार की प्लॅन तयार आहे. प्लॅन खरंच भन्नाट असतो, अर्धाअधिक यशस्वी होतो, मग कुठेतरी माती खातो आणि एगॉन परत आत.

आता संगीतकाराच्या जागी स्वतःला ठेवून बघा. तुम्हाला माहितीये की तुरुंगाचं दार उघडणार आहे. प्रेक्षकालाही माहितीये. प्रत्येक सिनेमात तेच दार, तोच माणूस. तिथे काय वाजवणार? सोपा मार्ग म्हणजे हसवणारं म्युझिक, टुणुक टुणुक, घसरणारा ट्रॉम्बोन, ‘बघा बघा विनोद येतोय’ असं प्रेक्षकाला कोपरानं ढोसणारं. आपल्याकडच्या कित्येक विनोदी सिनेमांत आणि सगळ्याच मालिकांत आजही हेच चालतं आणि कान किटतात. फाब्रिसियस-ब्येरेंनी ते केलं नाही. त्यांनी जी धून दिली ती लष्करी बँडचा मार्च आणि जुनं जाझ यांच्या मधली कुठलीतरी, पितळी वाद्यं, उसळता ठेका, आणि तिच्यात एक रुबाब आहे. म्हणजे एगॉन स्वतःकडे ज्या नजरेनं बघतो ना, त्या नजरेचं संगीत आहे ते. एगॉनला मनापासून वाटतं की आपण जगातले सर्वात हुशार चोर आहोत आणि या वेळी करोडो मिळणार. संगीत त्याची बाजू घेतं, त्याला हसत नाही. हसू येतं ते या दोन गोष्टींतल्या फटीतून, ऐकू येतो रुबाब आणि समोर दिसतो घासलेल्या कोटातला माणूस. आणि त्यामुळेच प्रेक्षक त्याच्यावर जीव लावतो, चौदा वेळा आपटला तरी.

चौदा म्हणालो कारण शेवटचा सिनेमा १९९८ मध्ये आला, तब्बल सतरा वर्षांनी. तो पूर्ण करताना फार दुःखाची वेळ आली सगळ्यांवर. दिग्दर्शक टॉम हेडेगोर वारले, क्येल करणारे पोल बुन्गोरही शूटिंग चालू असतानाच गेले. बेनीचं काम करणाऱ्या ग्रुनवाल्डनी दिग्दर्शन पुढे नेलं आणि क्येलचे राहिलेले शॉट दुसऱ्या नटाला पाठमोरा वगैरे घेऊन पुरे केले. इतकं सगळं बदललेलं, माणसं म्हातारी झालेली, शहर बदललेलं, आणि तरी ती धून लागली की आपण त्याच जगात आहोत हे क्षणात कळतं. तीस वर्षं एखाद्या जगाला एका धुनेनं बांधून ठेवायचं हे ऑर्केस्ट्रासाठी भलंमोठं सिम्फनिक काहीतरी लिहिण्यापेक्षा सोपं आहे असं मला अजिबात वाटत नाही. विनोदी सिनेमाच्या संगीतकाराला पुरस्कार मिळत नाहीत, पुस्तकं त्यांच्यावर निघत नाहीत, हा अन्याय आहे आणि तो सगळीकडे आहे.

रील्सवर एक सीन फिरत असतो, चोर थिएटरच्या तळघरात भिंती फोडतायत आणि वर ऑर्केस्ट्रा वाजतोय, प्रत्येक घाव तालावर. हा ओल्सन गँगचाच ना? ते संगीतही यांचंच का? – एक वाचक, कोल्हापूर

गँगचाच. १९७६ चा ‘ओल्सन गँग सेर रोड’, मालिकेतला आठवा. आणि थिएटर म्हणजे कोपनहेगनचं रॉयल थिएटर. पण संगीत यांचं नाही! ते फ्रेडरिक कूलाउचं आहे, ‘एल्वरहॉय’ नाटकाचं ओव्हर्चर, म्हणजे नाटक सुरू होण्याआधी ऑर्केस्ट्रा वाजवतो ते संगीत, १९२८ नव्हे बरं का, १८२८ सालचं.

कूलाउची थोडी माहिती देतो कारण सीनची सगळी मजा त्यात आहे. हा मूळचा जर्मन, १७८६ चा जन्म, नेपोलियनच्या सैन्यात भरती टाळायला १८१० मध्ये पळून कोपनहेगनला आला आणि तिथलाच झाला. ‘एल्वरहॉय’ हे राजघराण्यातल्या लग्नासाठी लिहून घेतलेलं नाटक, डॅनिश लोकांच्या लेखी फार मानाचं, रॉयल थिएटरनं सर्वात जास्त वेळा केलेलं नाटक हेच. आणि त्याच्या ओव्हर्चरच्या शेवटी डेन्मार्कचं राजगीत येतं. म्हणजे बघा, वर झुंबराखाली नटूनथटून बसलेली प्रतिष्ठित मंडळी, स्टेजसमोर ऑर्केस्ट्रा देशातलं सर्वात अभिमानाचं संगीत वाजवतोय, आणि खाली तळघरात तीन भुरटे चोर त्याच संगीताच्या आडून भिंतीमागून भिंत फोडत चाललेत. जोराचा ठोका आला की घण. सगळा ऑर्केस्ट्रा एकदम कडाडला की स्फोट. हळू भाग आला की हेही हळू, दबकून. वरच्यांना काही म्हणजे काही कळत नाही. सीनमध्ये बोलणं जवळपास नाहीच, त्यामुळे डॅनिशचा एक शब्द येत नसला तरी चालतं, म्हणून तर तो रील्सवर फिरतोय.

हे करायचं म्हणजे आधी संगीत पक्कं हवं, मग त्यावर प्रत्येक शॉट मोजून. सिनेमात बहुतेक वेळा उलटं असतं, आधी एडिट होतो आणि मग संगीतकाराला मिनिट-सेकंद देतात की इथे एवढं भरा. इथे दीडशे वर्षांपूर्वी लिहून ठेवलेल्या संगीताला कॅमेरा, नट, एडिटर सगळे शरण गेले. आणि माझ्या मते यात फाब्रिसियस-ब्येरेंचंही श्रेय आहे, जरी सूर एकही त्यांचा नसला तरी. सिनेमाचं बाकी संगीत त्यांचं आहे, मालिका त्यांच्या धुनेवर ओळखली जाते, आणि तिच्यातला सर्वात गाजलेला प्रसंग दुसऱ्याच्या संगीतावर. अशा ठिकाणी मध्ये लुडबुड न करणं हेही काम असतं. कित्येक संगीतकारांना ते जमत नाही, प्रत्येक मोकळ्या जागेत व्हायोलिनं भरायची सवय लागलेली असते.

जाता जाता, ज्यांची मुलं पियानो शिकतात त्यांच्यासाठी. त्यांच्या पुस्तकांत कूलाउच्या सोनाटिना (छोट्या पियानो रचना) हमखास असतात, खासकरून ओपस ५५ मधल्या. तोच हा कूलाउ. मुलांना आधी हा सीन दाखवा, मग सोनाटिना बसवायला सांगा.

मी कामानिमित्त ओडेन्सला राहते. ऑफिसमधले सगळे जण ‘मताडोर’मधले डायलॉग मारतात आणि मी बघत बसते. त्याचं संगीत याच गृहस्थांचं हे तुमच्यामुळे कळलं. बघावी का मालिका? – एक वाचक, डेन्मार्क

बघाच हो! तिथे राहून ‘मताडोर’ न बघणं म्हणजे स्वतःला जेवणाच्या टेबलावरून उठवून घेण्यासारखं आहे. चोवीस भाग, १९७८ ते १९८२ मध्ये डॅनिश सरकारी टीव्हीवर पहिल्यांदा लागले आणि त्यानंतर परत परत दाखवलेत. कल्पना लेखिका लीसे नॉर्गोर यांची, दिग्दर्शक पुन्हा एरिक बालिंग, संगीत पुन्हा फाब्रिसियस-ब्येरे. कॉर्सबेक नावाचं काल्पनिक छोटं गाव, काळ १९२९ ते १९४७. मॅस स्क्येर्न नावाचा फिरता विक्रेता आईविना वाढणाऱ्या मुलाला घेऊन गावात उतरतो, गावातलं जुनं प्रतिष्ठित कापडदुकान त्याला नीट वागवत नाही, आणि तो समोरच स्वतःचं दुकान टाकतो. एका बाजूला हा नवा पैसा आणि दुसऱ्या बाजूला बँकर वार्नेसचं घराणं, मग मंदी, जर्मन सैन्य, युद्ध, आणि या सगळ्यात स्वयंपाकघरातल्या बायका, नोकर, डुकरांचा व्यापारी, शिक्षिका, कोणीच दुय्यम नाही. नाव ‘मताडोर’ कारण आपण व्यापार-मोनोपॉली खेळतो तो खेळ तिकडे या नावानं विकला जातो.

संगीताकडे बघताना एक गोष्ट लक्षात ठेवा. इथे तोच संगीतकार आहे, तोच दिग्दर्शक आहे, नटांपैकीही काही जण तेच (गावात तुम्हाला गँगच्या सिनेमांतले चेहरे भेटतील), आणि तरीही ओल्सनचा रुबाब त्यांनी इथे घुसू दिला नाही. इथे काळ उभा करायचा होता. १९३० च्या दशकात ऐन तारुण्यात असलेले लोक तेव्हा टीव्हीसमोर आजीआजोबा होऊन बसले होते, त्यांना खोटं ऐकवून चाललं नसतं. आणि फाब्रिसियस-ब्येरे स्वतः त्याच काळात मोठे झालेले, ती नाचाची गाणी, ते रेडिओ त्यांनी प्रत्यक्ष ऐकलेले. टायटल लागलं की ऑफिसमधल्या कोणाकडेही बघा, लगेच कळेल मी काय म्हणतोय. सबटायटल लावून पहिले तीन भाग धीर धरून बघा, माणसं बरीच आहेत, नावं डोक्यात बसायला वेळ लागतो.

मी फिल्म मेकिंग शिकतोय. आमच्या सरांनी सांगितलं की डेन्मार्कमध्ये सिनेमात पार्श्वसंगीत वापरायलाच बंदी घातली होती. मग संगीतकार काय करायचे? – एक विद्यार्थी, पुणे

सर डॉग्मा ९५ बद्दल बोलत असणार. सरकारी बंदी वगैरे नाही रे, काही दिग्दर्शकांनी स्वतःवर घालून घेतलेली बंधनं. मार्च १९९५ मध्ये लार्स फॉन ट्रायरनं पॅरिसमध्ये जाहीर केली, थॉमस विंटरबर्ग त्याचा जोडीदार. दहा नियम. कॅमेरा हातातच धरायचा, सेट उभारायचा नाही, खऱ्या जागेवरच शूट, वेगळे लाइट नाहीत, आणि दुसरा नियम असा की आवाज आणि चित्र वेगळं करायचं नाही, शूटिंगच्या जागी प्रत्यक्ष वाजत असेल तरच संगीत. म्हणजे नंतर स्टुडिओत बसून लावलेलं पार्श्वसंगीत बाद. १९९८ चा विंटरबर्गचा ‘फेस्टेन’ त्यातला पहिला, तो बघितलाच पाहिजे, साठाव्या वाढदिवसाच्या मेजवानीत सगळं घर उलटंपालटं होतं आणि एकदाही व्हायोलिन येऊन तुला सांगत नाही की आता रड.

पण हे थोड्याच सिनेमांपुरतं. खुद्द ट्रायरनंही डॉग्माचा एकच सिनेमा केला. त्याच्या ‘युरोपा’, ‘द किंगडम’ या कामांना योआकिम होल्बेक या डॅनिश संगीतकाराचं संगीत आहे, तेही आपल्याकडे कोणाला माहीत नसलेलं नाव, शोधून ऐक. आणि डेन्मार्कमध्ये ही शांततेची आवड जुनीच आहे. जुन्या पिढीतला दिग्दर्शक कार्ल ड्रायर, त्याचे सिनेमे बघ, ‘डे ऑफ रॉथ’ १९४३ चा, त्याला पोल शीरबेक यांचं संगीत, आणि १९५५ च्या ‘ओर्डेट’मध्येही शीरबेकच, जरी ते १९४९ मध्येच वारले होते. फार थोडं संगीत, पण जिथे येतं तिथे अंगावर काटा येतो.

तुला वाटेल की एकीकडे ड्रायर, ट्रायर आणि दुसरीकडे ओल्सन गँग, यांचा काय संबंध. मला संबंध दिसतो. दोन्हीकडे प्रश्न एकच आहे, हा सूर इथे का वाजतोय. फाब्रिसियस-ब्येरेंकडे प्रत्येक वेळी त्याचं उत्तर असायचं. तू एक कर, ओल्सन गँगचा कुठलाही सिनेमा घे, वही घे, आणि संगीत कुठे सुरू होतं कुठे थांबतं एवढंच लिहून काढ. सुरू कुठे होतं यापेक्षा थांबतं कुठे ते बघ. प्लॅन सुरू झाला, हात कामाला लागले, की कित्येकदा नुसते खरे आवाज राहतात, दोर, चावी, काच, पावलं. तुझ्या पुढच्या शॉर्ट फिल्मला पैसे नसताना उपयोगी पडेल हे.

गँगचे सिनेमे नॉर्वे, स्वीडनमध्येही झाले म्हणे. तिथे संगीत कोणाचं? – एक वाचक, छत्रपती संभाजीनगर

थोडक्यात. नॉर्वेनं १९६९ पासून स्वतःच्या नटांना घेऊन स्वतःची गँग काढली आणि धून हीच ठेवली, त्यामुळे नॉर्वेत बऱ्याच लोकांना ती आपलीच वाटते. स्वीडननं १९८१ पासून ‘यॉन्सन लीगन’ काढली, त्यांनी मात्र वेगळा संगीतकार घेतला, राग्नार ग्रिप्पे. पूर्व जर्मनीत मूळ डॅनिश सिनेमेच जर्मनमध्ये डब करून लागले आणि तुफान चालले. भिंत पडल्यावरही तिथले चाहते टिकून आहेत.

शेवटी त्यांचं काय झालं? म्हातारपणी काम मिळत होतं का? – बऱ्याच जणांनी विचारलेलं

मिळत होतं म्हणजे काय, ऐंशीच्या आसपास त्यांनी परत एक हिट दिली! ‘ज्यूकबॉक्स’ नावाचा अल्बम, नातवंडांच्या वयाच्या डॅनिश म्युझिशियन्सबरोबर केलेला, पियानो तोच, खाली इलेक्ट्रॉनिक बीट. मायदेशात गाजला आणि अमेरिकेच्या डान्स चार्टवरही चढला, म्हणजे ‘अ‍ॅली कॅट’नंतर चाळीसेक वर्षांनी. टायटल ट्रॅक लावून बघा, उजवा हात तसाच मागे रेललेला ऐकू येतो. २८ जुलै २०२० ला ते गेले, ९५ वर्षांचे होते.

ऐकायचं कुठून सुरू करू असं ज्यांनी विचारलंय त्यांना माझा क्रम सांगतो. आधी ओल्सन गँगची टायटल धून, मग ‘मताडोर’चं टायटल, मग ‘ज्यूकबॉक्स’, आणि ‘अ‍ॅली कॅट’ सगळ्यात शेवटी. पुढच्या अंकासाठी प्रश्न महिन्याच्या वीस तारखेपर्यंत पाठवा, विषय मूकपटांना लाइव्ह वाजवलं जाणारं संगीत.